सल्ला हवा: वणीच्या पायी यात्रेसाठी 1 लिटर बाटलीची क्रोशे पिशवी, खर्च 200 च्या आत

पारोळ्याची_सुई
चैत्रात सप्तशृंगी गडावर पायी जायचं आहे. खांद्यावरून आडवी घालता येईल अशी बाटलीची पिशवी क्रोशाने करायची आहे. बाटली स्टीलची, एकपदरी, 1 लिटर. घेर 23.5 सेंमी, उंची 26. रुमाल, तोरणं, गोल तळ येतो. वजन पेलणारं काही केलेलं नाही. दोरा कोणता घेऊ, किती लागेल आणि पट्टा लांबू नये म्हणून काय करू? घरात 10 नंबरची सुई आहे, स्वेटरची उरलेली अॅक्रिलिक लोकर आहे. खर्च 200 च्या आत हवा. तयार पिशवी सुचवू नका, प्लीज.

केळीचं_पान
ताई, तयारच घ्या. दुपदरी थर्मास बाटली घ्या, तिच्यासोबत पट्ट्याचं कव्हर येतं. दोन वर्षं वापरतोय, टाका उसवला नाही. थोडे पैसे जातील पण पाणी गार राहील.

पारोळ्याची_सुई
थोडे म्हणजे किती ते मला माहीत आहे 🙂 क्रोशाचंच सांगा.

खांब_साखळी
अॅक्रिलिक विसरा. सुती दोरा घ्या, 4 मिमी सुईला चालेल इतका जाड. हात मध्यम असेल तर 10 सेंमीत 16 मुके खांब बसतात. 23.5 सेंमीला हिशोबाने 37-38 होतात, पण 36 च घ्या. पिशवी बाटलीपेक्षा किंचित तंग हवी, नाहीतर भरल्यावर बाटली आत हिंदकळते.

तळ: मॅजिक रिंगमध्ये (दोऱ्याचं ओढून आवळता येणारं कडं) 6 मुके खांब. दर फेरीत 6 वाढवा: 12, 18, 24, 30, 36. सहा फेऱ्यांत साधारण 7 सेंमीची चकती होते. पुढची फेरी न वाढवता टाक्याच्या फक्त मागच्या दोऱ्यातून घाला, म्हणजे काठ काटकोनात वळतो. मग दोन फेऱ्या साध्या.

अंग: 12 फेऱ्या जाळी. सुरुवातीला 4 साखळ्या (3 खांबाच्या, 1 मधली), एक टाका सोडून खांब (अमेरिकन डबल क्रोशे), 1 साखळी, पुन्हा एक सोडून खांब. शेवटी सुरुवातीच्या तिसऱ्या साखळीत जोडा. फेरीत 18 खांब, 18 भोकं. वर 3 फेऱ्या मुके खांब. एकूण उंची 18 सेंमीच्या आसपास, म्हणजे बाटलीच्या खांद्यापर्यंत. त्याच्या वर नेऊ नका, झाकण उघडताना अडतं.

गुंतागुंत
मुका खांब म्हणजे नक्की काय? आमच्याकडे मुका म्हणजे स्लिप स्टिच.

खांब_साखळी
सुई घातली, दोरा ओढला, सुईवर दोन, दोन्हीतून एकदम काढला. सिंगल क्रोशे.

गुंतागुंत
अमेरिकन सिंगल ना? ब्रिटिश पुस्तकात त्यालाच डबल लिहितात आणि अमेरिकन डबलला ट्रेबल. ब्रिटिश पॅटर्न अमेरिकन समजून विणला तर पिशवी बरीच उंच होते. आधी हे ठरवून घ्या, मग सल्ला द्या.

खांब_साखळी
मी खांब आणि साखळी लिहिलंय. ज्याला विणता येतं त्याला कळतं.

तापीकाठ
तळाबद्दल एक. चकती वाटीसारखी उचलली गेली तर वाढ कमी पडतेय किंवा हात घट्ट आहे. कडेला झालर आली तर वाढ जास्त झाली. आणि प्रत्येक फेरीत वाढ एकावर एक आली तर गोलाऐवजी षटकोन होतो. एक फेरी सोडून एक वाढ अर्ध्याने सरकवा: चौथ्या फेरीत 2 साधे-वाढ, पाचवीत 1 साधा-वाढ-2 साधे, असं. फेरीच्या पहिल्या टाक्यात सेफ्टी पिन अडकवा, म्हणजे मोजणी चुकत नाही.

जुना_धुळेकर
10 नंबर सुई कोणत्या मापाची ते आधी बघा. ब्रिटिश मापात 10 म्हणजे 3.25 मिमी, 8 म्हणजे 4 मिमी, 6 म्हणजे 5 मिमी. पण बारीक लेसच्या पोलादी सुयांचे आकडे वेगळे चालतात. तिथली 10 नंबर जेमतेम सव्वा मिमीची. तिने जाड दोरा उचलूच जायचा नाही. सुईचा दांडा सेंमीपट्टीवर धरून बघा.

पारोळ्याची_सुई
मोजली. 3 च्या थोडी वर आहे, म्हणजे 3.25 असणार.

जुना_धुळेकर
मग जाड सुताला ती घट्ट होईल. विणलेलं पुठ्ठ्यासारखं होतं आणि मनगट दुखतं. 8 नंबर वेगळी घ्या.

केळीचं_पान
एकच कशाला, पूर्ण संच घ्या. रबरी मुठीच्या येतात, हात दुखत नाही.

भरीत_भाकरी
सुतळीने करा! दिसायला झकास, स्वस्त पण.

तापीकाठ
सुतळी नको. कुसळं झडतात, घामाने मान खाजते, ओली राहिली की कुजते आणि विणताना बोटं सोलतात. कुंडीला ठीक, खांद्याला नाही.

मॅक्रमे_मावशी
3 मिमीची मॅक्रमे दोरी घ्या. मात्र पिळाची नको, वेणीची घ्या. पिळाची विणताना उलगडते आणि सुई दोरीच्या मधून आरपार जाते. सुई 5 किंवा 6 मिमी लागेल, तळाचे टाके 24 वर आटपतील. फक्त पिशवीच पाव किलोच्या वर जाते. पण काय दिसते!

जुना_धुळेकर
पायी यात्रेत पाव किलो जादा? दिवसभर चालून दाखवा मग सांगा.

आहिराणी_गडी
ताई, बाटली गयामा टांगानी शे का खांदावर? पट्टा बारीक ठेवशात त खांदा कापाई जाई.

पारोळ्याची_सुई
खांदावरच भाऊ, आडवी. रुंदी किती ठेवू?

खांब_साखळी
अडीच ते तीन सेंमी. त्याहून अरुंद पट्टा दीड किलोला रुततो. (पाणी 1 किलो, वर बाटली.) आता महत्त्वाचं. पट्टा आडव्या छोट्या ओळींत विणू नका. पाच टाके, वळा, पाच टाके, असा केलेला पट्टा वजनाने ओळी-ओळीत उघडतो. लांबीच्या दिशेने विणा: लांब साखळी घाला आणि तिच्यावर मुक्या खांबांच्या 4 ओळी. साखळीपुरती सुई एक माप मोठी घ्या, नाहीतर ती कडा आखडते आणि पट्टा कोयत्यासारखा वाकतो. शेवटी दोन्ही कडांनी स्लिप स्टिच.

लांबी: दुसऱ्या माणसाकडून खांद्यापासून विरुद्ध कमरेपर्यंत पुढून-मागून मोजून घ्या. 120 आली तर 110 चाच करा, बाकीचं वजन करतं.

भरीत_भाकरी
माझा पट्टा गुडघ्यापर्यंत आला होता, खरं सांगते. लांबीतच विणा.

गुंतागुंत
हेच वर सांगून झालंय.

तापीकाठ
पट्टा तोंडाच्या काठाला शिवून थांबू नका. तिथे सगळा भार चार-पाच टाक्यांवर येतो, काठ कानासारखा ओढला जातो आणि पहिला टाका तिथेच तुटतो. पट्टा दोन्ही बाजूंनी खाली उतरवून तळाखालून घ्या. मग बाटली पट्ट्यावर बसते, जाळी फक्त तिला सरळ धरते. लांबी 110 + 18 + 18 + तळाचे 7, म्हणजे 153 सेंमी. अंगाला शिवताना बाटली आत ठेवून बाजू ठरवा. खालच्या फेऱ्या वर्तुळाकार चढत असतील तर टाके कलतात. पहिला आणि एकोणिसावा टाका तळाशी मोजून तशीच सरळ रेघ वर काढली तर पट्टा तिरका बसतो.

दोरा: तळ-अंग-पट्टा मिळून 80 मीटर, तळाखालून घेतला तर 95. जाड सुताची 100 ग्रॅमची एक गुंडी पुरून उरते.

जुना_धुळेकर
एवढा उपद्व्याप करण्यापेक्षा खाटेची नवार घ्या, इंचाची. दोन मीटर. तळाखालून नेऊन अंगाला शिवा. नवार लांबत नाही.

खांब_साखळी
मग क्रोशे कशासाठी? गोधडीला ठिगळ लावल्यासारखं दिसेल.

जुना_धुळेकर
दिसण्यासाठी गडावर जायचंय का?

मॅक्रमे_मावशी
किंवा शिंकं करा. क्रोशाची गरजच नाही. 3 मीटरच्या 4 दोऱ्या मधोमध दुमडून एकत्र गाठ, म्हणजे 8 पदर. 4 सेंमीवर दोन-दोन पदरांची गाठ, अशा 4 गाठी. पुढच्या 5 सेंमीवर शेजारच्या जोडीतला एकेक पदर घेऊन पुन्हा. घेर 23.5 असेल तर गाठी-गाठीत 6 सेंमी अंतर येतं. चार थर झाले की वरचे 8 पदर वेणी घालून पट्टा. एका संध्याकाळचं काम.

केळीचं_पान
आजीच्या शिंक्यात दह्याचं मडकं असायचं, खाली कधी आलं नाही. (मांजर मात्र वर जायचं.)

भरीत_भाकरी
सुती जाळी केली की तिला ओली करून ठेवा, पाणी गार राहतं. छागलीसारखं (कॅनव्हासची पाण्याची पिशवी).

गुंतागुंत
छागलीचं तत्त्व वेगळं. तिथे कॅनव्हासमधून पाणी झिरपतं आणि सुकताना उष्णता घेऊन जातं. जाळीला अर्धी भोकं, सुकायला कापडच नाही. गार करायचं तर भोकं नसलेलं जाड सुती कव्हर हवं आणि ते सतत ओलं हवं. आपल्याकडे चैत्र-वैशाखात हवा कोरडी म्हणून फरक पडतो, आषाढात दमट हवेत काही होत नाही. आणि थर्मासवर तर उपयोगच नाही. दोन भिंतींच्या मधे पोकळी असते, आतल्या पाण्याला बाहेरचं कळतच नाही.

केळीचं_पान
थर्मासला गरजच नाही, तेच तर म्हणतोय.

तापीकाठ
ओलं सूत लांबतं हे कोणी सांगितलं नाही. गार पाणी भरलं की स्टीलला बाहेरून घाम येतो, तोही सुतात मुरतो. रात्री बाटली बाहेर काढून पिशवी वाळवा, बंद बॅगेत कोंबली तर सकाळी कुबट वास. आणि गडद लाल किंवा निळा सुती दोरा असेल तर ओल्या पांढऱ्या फडक्याने आधी घासून बघा. रंग सुटत असेल तर घामाबरोबर शर्टावर उतरतो.

भरीत_भाकरी
मिठाच्या पाण्यात घातलं की पक्का होतो.

गुंतागुंत
नाही होत. रंगवतानाच मुरला नसेल तर नंतरचं मीठ काही करत नाही. रंग सुटायचा थांबेपर्यंत धुवा, एवढंच.

पारोळ्याची_सुई
इथे दुकानात जाड सूत नाही. तोरणाचा बारीक दोरा आणि बाळाच्या लोकरी एवढंच. कापूस आपल्याच शेतात पिकतो आणि सुताची गुंडी मिळत नाही, काय म्हणायचं!

खांब_साखळी
जळगावला फुले मार्केटकडे विचारा. नाहीतर बारीक दोऱ्याचे तीन पदर एकत्र. एकाच गुंडीतून काढू नका. तीन वेगळ्या गुंड्या तीन डब्यांत ठेवा, म्हणजे पीळ पडत नाही.

पारोळ्याची_सुई
जळगावला जायचं भाडं धरलं तर 200 तिथेच संपले.

केळीचं_पान
ऑनलाइन मागवा, मर्सराइज्ड कॉटन, चमक छान असते.

पारोळ्याची_सुई
सगळ्यांना धन्यवाद. झाली पिशवी. रागावू नका, अॅक्रिलिकचीच केली. वापरणार आहे मी, आणि घाम आला तरी ती पाणी पीत नाही, झटकली की सुकते.

दोन पदर एकत्र, 6 नंबर सुई (तेवढी विकत घेतली). 10 सेंमीत साडेतेरा टाके येत होते, म्हणून तळ 30 वर थांबवला, 5 फेऱ्या. अंग वर सांगितलं तसंच, पण टाके उंच पडतात म्हणून जाळीच्या 10 फेऱ्या.

पट्ट्याला नवार घेतली नाही. कपडे वाळत घालायची 4 मिमी नायलॉन दोरी सव्वातीन मीटर घेतली. ती अर्ध्यात वळवली आणि एका पदरावर मुके खांब विणत गेले, दोरी टाक्यांच्या पोटात राहते. टोकाला वळून दुसऱ्या पदरावर, येताना पहिल्या ओळीत जोडत. दोन सेंमीचा चपटा पट्टा झाला, भार सगळा दोरीवर. खांद्याच्या जागी दोन्ही बाजूंनी एकेक जादा ओळ घालून रुंद केला. तळाखाली दोरीची टोकं 5 सेंमी एकमेकांवर घेऊन घट्ट शिवली, टोकं मेणबत्तीवर वितळवली, कारण नायलॉनची नुसती गाठ सरकते. भरलेली बाटली रात्रभर खुंटीला टांगली. संध्याकाळी पट्टा 152, सकाळी 153.

सुई आणि दोरी धरून 200 च्या आत.

तापीकाठ
दोरीवर विणायचं डोक्यात आलं नव्हतं. शिवलेल्या जागेवर रोज हात फिरवा, आधी ती सुटेल.

खांब_साखळी
अॅक्रिलिकला पट्ट्याखाली गोळे येणार. सांगून ठेवते.

केळीचं_पान
पाणी किती वेळ गार राहिलं?

आहिराणी_गडी
भारी करं ताई. माले भी एक करी द्या, दोरी मी आणस.