१८८१ चं कमिसरिएटचं (लष्कराच्या रसद खात्याचं) सर्टिफिकेट सापडलंय, हा साहेब नक्की काय काम करायचा?

कसबेकर
नमस्कार मंडळी. आमचं कसब्यातलं जुनं घर आता रिडेव्हलपमेंटला जातंय, माळा रिकामा करताना पत्र्याच्या ट्रंकेत खापरपणजोबांचे कागद निघाले. बरेचसे मोडीत आहेत, पण एक इंग्रजीत आहे, जाड निळसर कागद, चार घड्यांवर फाटत आलेला, शाई तपकिरी पडलीये. खाली सही आहे, डेप्युटी असिस्टंट कमिसरी जनरल, पूना, १८८१. सहीतलं नाव काही केल्या लागत नाही. मजकूर चारच ओळींचा, की कंदाहारच्या मोहिमेत (इंग्रज-अफगाण युद्धात) यांनी सक्करच्या गोदामात हरभरा आणि भुशाचा हिशेब चोख ठेवला, तरी पुढे कोणी नोकरी द्यावी. घरात एवढंच ऐकलेलं की ते गोऱ्या साहेबाबरोबर सिंधला गेले होते.
मला या साहेबाबद्दल जाणून घ्यायचंय. हा लढणारा ऑफिसर होता की नुसता धान्य वाटणारा? अशा माणसाचं करिअर कसं असायचं? आणि नाव शोधायला कुठे जायचं? कोणाला माहिती असेल तर प्लीज सांगा.

लष्कर_कॅम्प
अरे जपून ठेव तो कागद, लॅमिनेट वगैरे अजिबात करू नकोस.
आता साहेबाबद्दल. तो मूळचा पलटणीतलाच असणार. पोरगा विशीच्या आत इंडियात यायचा, एखाद्या नेटिव्ह इन्फन्ट्रीत काही वर्षं काढायची, हिंदुस्थानीची परीक्षा द्यायची आणि मग कमिसरिएटमध्ये बदली मागायची, कारण तिथे पगारावर वेगळा भत्ता मिळायचा आणि पलटणीत बढतीची वाट बघत बसण्यापेक्षा ते बरं. १८६१ नंतर स्टाफ कोअर, म्हणजे इथल्या ऑफिसरांचा सामाईक गट, आली तेव्हा हुद्दा नोकरीच्या वर्षांवर ठरायला लागला, १२ वर्षांनी कॅप्टन, २० वर्षांनी मेजर, २६ वर्षांनी लेफ्टनंट कर्नल. म्हणजे डेप्युटी असिस्टंट ही खात्यातली पोस्ट आणि लष्करी हुद्दा वेगळा, तुझा साहेब बहुतेक कॅप्टन नाहीतर मेजर असेल.
काम म्हणजे माणसांचं खाणं, जनावरांचा दाणावैरण, सरपण, आणि ओझ्याची जनावरं. दारूगोळा यांच्याकडे नाही, ते ऑर्डनन्स खातं, खडकीची फॅक्टरी त्यातली, लोक नेहमी गल्लत करतात. रोजचा दिवस टेंडर, नमुने, वजन, पावत्या यातच जायचा. आणि प्रत्येक पावती नंतर तपासली जायची, एक पोतं जास्त दाखवलं तरी साहेबाला उत्तर द्यावं लागायचं. हे तपासणारं लष्करी हिशेबाचं ऑफिस आपल्या पुण्यातच होतं, वासुदेव बळवंत फडके तिथेच कारकून होते! आई अत्यवस्थ असताना रजा मिळाली नाही ती याच नोकरीत. १८७९ मध्ये फडक्यांनी बंड उभारलं तेव्हा अफगाण मोहीम चालूच होती, म्हणजे तुझे खापरपणजोबा आणि फडके एकाच यंत्रणेच्या दोन टोकांना, हे मला फार विलक्षण वाटतं.

बोलनघाट
कंदाहार म्हटल्यावर राहवत नाही, माझा आवडता विषय आहे. सक्करला गोदाम का, तर सिंधू नदीवरचं ठिकाण आणि तिथपर्यंत माल सहज यायचा. पुढे रेल्वे सिबीपर्यंत पोचली जानेवारी १८८० मध्ये. त्यापुढे बोलन घाट, क्वेट्टा, खोजक आणि मग कंदाहार, सगळं जनावरांच्या पाठीवर. सिंधच्या वाळवंटातले उंट त्या थंडीत आणि दगडांत टिकले नाहीत, हजारोंनी मेले, वाटेवर नुसता सांगाड्यांचा खच. उंट मेला की त्याच्या पाठीवरचं पीठ तिथेच पडून राहणार, पीठ नाही पोचलं तर पुढची पलटण उपाशी. तुझ्या कागदात हरभरा लिहिलाय ना, तो मुख्यतः घोड्या-खेचरांसाठी.
२७ जुलै १८८० ला कंदाहारजवळ मैवंदला अफगाणांकडून इंग्रजांचा मोठा पराभव झाला, बॉम्बे ग्रेनेडियर्स आणि जेकब्स रायफल्स या पलटणी त्यात होत्या. कंदाहारला वेढा पडला. सोडवायला दोन फौजा, काबूलहून रॉबर्ट्स आणि क्वेट्ट्याकडून बॉम्बे आर्मीचा फेअर. फेअर कितीतरी जवळ होता तरी मागे राहिला कारण वाहतुकीची जनावरंच नव्हती! रॉबर्ट्स ३१ ऑगस्टला पोचला, १ सप्टेंबरला लढाई जिंकला आणि सगळं नाव त्याचं झालं.
हा रॉबर्ट फेअर म्हणजे कोण माहितीये का, बडोद्याचा पूर्वीचा रेसिडेंट, संस्थानातला इंग्रजांचा प्रतिनिधी. १८७४ मध्ये ज्याच्या पपनसाच्या सरबतात विष घातल्याचा आरोप मल्हारराव गायकवाडांवर आला तोच. चौकशी कमिशनमध्ये तिघे इंग्रज दोषी म्हणाले, तिघे हिंदी सभासद म्हणाले आरोप सिद्ध होत नाही, तरीही १८७५ मध्ये महाराजांना गादीवरून काढलंच. त्याआधी १८५७ ते १८६८ फेअर बॉम्बे आर्मीचा क्वार्टरमास्टर जनरल होता, अ‍ॅबिसिनियाच्या मोहिमेतही होता, जिथे मुंबईहून ४४ हत्ती जहाजाने नेले होते. एवढी वर्षं फौजा हलवण्याचा अनुभव असलेला माणूस आणि ऐनवेळी उंटांवाचून अडकला. करिअर कसं असायचं विचारलंस ना, असं. सगळं नीट पोचलं तर कोणी नाव घेत नाही, नाही पोचलं तर कायमचा डाग.

मीरा_सातारा
सगळं खरं आहे पण साहेबाचं कौतुक जरा जास्त होतंय असं वाटतं. धान्य उभं करायचे ते इथले सावकार, व्यापारी, बैलवाले. लाला जोतीप्रसाद म्हणून कॉन्ट्रॅक्टर होते, अफगाण, ग्वाल्हेर, पंजाब सगळ्या लढायांत कंपनी सरकारच्या फौजेला त्यांनी पोसलं, आणि बिलाचे पैसे मागितले तर १८५१ मध्ये आग्र्याला त्यांच्यावरच अफरातफरीचा खटला. सुटले ते, वकील होता जॉन लँग, तोच जो पुढे झाशीच्या राणीला भेटला. किती जणांना हे नाव माहीत असतं सांगा.
आणि पुरवठा चुकला की भोगायचं कोणी? पहिल्या महायुद्धात आजच्या इराकमधल्या कुतला सहावी पूना डिव्हिजन अडकली, त्यात १०३ आणि ११० मराठा लाइट इन्फन्ट्री, आपल्याकडचीच पोरं. तैग्रिसवर पुरेशा बोटीच नव्हत्या, घोडे कापून खायची वेळ आली, कित्येकांनी धर्मापायी ते मांस नाकारलं आणि स्कर्व्हीने खंगले. शेवटी विमानातून पिठाची पोती टाकली तीही पुरली नाहीत. २९ एप्रिल १९१६ ला शरणागती, जवळजवळ १३,००० माणसं कैदेत, त्यातली किती परत आलीच नाहीत. नंतर कमिशन बसलं, तिकडे इंग्लंडमध्ये मंत्र्याने राजीनामा दिला, पण आमच्याकडच्या कितीतरी घरांत माणूस गेला एवढंच कळलं, कशाने गेला ते नाही. म्हणून म्हणते, तुमच्या खापरपणजोबांचं नाव शोधा आधी, साहेबाचं सापडेलच.

कसबेकर
मीराताई तुमचं म्हणणं पटलं. खरंतर मोडीतल्या कागदांत आकडे खूप दिसतायत, ओळींच्या ओळी, बहुतेक त्यांच्या स्वतःच्या हातचे हिशेब असावेत. ते आधी वाचून घेतो. काका, शोधायची सुरुवात कुठून करू?

लष्कर_कॅम्प
साहेबाचं सोपं आहे. बॉम्बे आर्मी लिस्ट दर काही महिन्यांनी छापली जायची, त्यात कमिसरिएट खात्याचं वेगळं पान असायचं, १८८१ च्या लिस्टमध्ये त्या हुद्द्याची नावं मोजकीच असतील, ती समोर ठेवून सही जुळवून बघ, पहिलं अक्षर लागलं तरी काम होतं. जुन्या लिस्टा स्कॅन होऊन नेटवर आल्यात. सर्व्हिस रेकॉर्ड लंडनच्या ब्रिटिश लायब्ररीत इंडिया ऑफिसच्या कागदांत मिळेल.
खापरपणजोबांचं अवघड आहे, कारकून-गुमास्त्यांची नावं लिस्टमध्ये छापत नसत. मुंबईला एलफिन्स्टन कॉलेजच्या बिल्डिंगमध्ये राज्य पुराभिलेखागार आहे, तिथे मिलिटरी डिपार्टमेंटचे व्हॉल्यूम बघायला लागतील, वेळ काढून जा. मोडीसाठी सदाशिव पेठेत भारत इतिहास संशोधक मंडळात विचार, जाणकार माणसं भेटतील. जाताना मूळ कागद नेऊ नकोस, दिवसाउजेडी खिडकीपाशी फोटो काढ, फ्लॅश नको, आणि घडी उलगडत नसेल तर ओढू नकोस, तशीच राहू दे.