क्युरेटरने स्वतःलाच प्रदर्शनात घेतलं असेल तर त्याचा कॅटलॉग इतिहास म्हणून वाचायचा का?

प्रश्न:
सध्या रशीद अराईन यांचा 'द अदर स्टोरी'चा कॅटलॉग वाचतेय, म्हणजे १९८९ मध्ये लंडनच्या हेवर्ड गॅलरीत युद्धोत्तर ब्रिटनमधल्या आफ्रिकी-आशियाई कलाकारांचं प्रदर्शन झालं त्याचा. अगदी गुंतून गेलेय, कारण ब्रिटिश कलेवरच्या पुस्तकांत एरवी बेकन, ल्युशियन फ्रॉइड, हॉकनी या चित्रकारांच्यापुढे गाडी फारशी जात नाही आणि इथे ऑब्री विल्यम्स, अन्वर जलाल शेम्झा, सूझा, ली युआन-चिया सगळे एकत्र भेटतात. पण एक गोष्ट खटकतेय. २४ कलाकारांत अराईन स्वतःही आहेत. निवड त्यांची, लेखन त्यांचं, वर भिंतीवर कामही त्यांचं. मग हा इतिहास म्हणायचा की स्वतःची बाजू? निबंधात यावर कितपत विसंबू?

उत्तर १:
बाजूच आहे की, आणि ती त्यांनी कुठे लपवलीय? अराईन कराचीचे, शिकले सिव्हिल इंजिनिअरिंग, १९६४ मध्ये लंडनला आले आणि तिथे तिरक्या पट्ट्यांच्या जाळीदार चौकटी उभ्या करायला लागले, शिल्प म्हणून. मिनिमलिझमची, म्हणजे साध्या भौमितिक आकारांच्या कलेची, चर्चा ऐन जोरात होती तेव्हाच हे चाललेलं, पण ब्रिटिश शिल्पकलेच्या गोष्टीत त्यांना कुणी धरलं नाही. असं प्रदर्शन करू द्या म्हणून आर्ट्स कौन्सिलकडे, म्हणजे कलेला सरकारी पैसा देणाऱ्या संस्थेकडे, पहिल्यांदा गेले १९७८ मध्ये, तेव्हा नकार मिळाला. म्हणजे अकरा वर्षं हा माणूस त्याच मागणीला चिकटून राहिला, मधे १९८७ मध्ये 'थर्ड टेक्स्ट' नावाचं नियतकालिकही सुरू केलं. त्यांनी स्वतःला वगळलं असतं तर जी जागा रिकामी आहे म्हणून ते ओरडत होते ती रिकामीच राहिली असती ना. मी तर बिनधास्त वापरेन, फक्त "अराईन यांच्या मते" असं लिहून.

उत्तर २:
अराईननी स्वतःला घेतलं त्यापेक्षा मला दुसरी गोष्ट जास्त खुपते. २४ मध्ये बायका किती? चार. सोनिया बॉइस, मोना हातूम, लुबाइना हिमिद, कुमिको शिमिझू. आणि बायका नव्हत्या असं अजिबात नाही, त्याआधी चार वर्षं, १९८५ मध्ये, हिमिदनेच लंडनच्या आयसीए या कलासंस्थेत 'द थिन ब्लॅक लाइन' हे प्रदर्शन केलं होतं, त्यात ११ जणी होत्या. त्या प्रदर्शनाला जागा कुठली मिळाली माहितीय? मोठं दालन नाही, येण्याजाण्याचा कॉरिडॉर. लोक दुसरीकडे जाता जाता बघणार अशी ती अरुंद भिंत, आणि नावातली ती बारीक रेघ मला तरी त्या भिंतीचीच वाटते. पुढे हिमिदला २०१७ मध्ये टर्नर प्राइझ हा ब्रिटनमधला मोठा कला-पुरस्कार मिळाला, बॉइसला २०२२ मध्ये व्हेनिसच्या बिएनाले या कलाप्रदर्शनात गोल्डन लायन. त्यामुळे अराईन वाचा, जरूर वाचा, पण शेजारी हे ठेवूनच.

उत्तर ३:
एडी चेंबर्सचं २०१४ चं पुस्तक मिळालं तर बघा, ब्रिटिश कलेतल्या कृष्णवर्णीय कलाकारांचा १९५० च्या दशकापासूनचा इतिहास आहे. तोही आतलाच माणूस, इंग्लंडमधल्या वुल्वरहॅम्प्टनच्या ब्लॅक आर्ट ग्रुप या तरुण कृष्णवर्णीय कलाकारांच्या गटातला, आणि तुमच्या त्या २४ मध्येही आहे. म्हणजे तटस्थ माणूस शोधायला गेलात तर हात हलवत परत याल, कारण ज्यांनी हे लिहिलं त्यातले बरेच जण स्वतः कलाकार होते, दुसरं कुणी लिहीतच नव्हतं. आणि यादी म्हणाल तर त्याच ग्रुपमधला डोनाल्ड रॉडनी अराईनच्या यादीत नाही. त्याला सिकल सेलचा आजार होता, १९९८ मध्ये गेला. त्याच्या तळहाताचा एक फोटो टेट या ब्रिटनच्या कलासंग्रहालयाकडे आहे, त्यावर एक इवलंसं घर, स्वतःच्याच त्वचेचं, टाचण्या टोचून उभं केलेलं. एवढासा तो हात, पण त्यावरून नजर हलत नाही. कुठलाही एकच कॅटलॉग धरून बसलात तर असं काहीतरी सुटणारच.

प्रश्नकर्ती:
कॉरिडॉरचं माहीतच नव्हतं, थँक्यू! आता निबंध एकट्या अराईनवर न ठेवता अराईन आणि हिमिद असा समोरासमोर करते, १९८५ आणि १९८९. 'द थिन ब्लॅक लाइन'च्या मांडणीचे फोटो कुठे बघायला मिळतील, कुणाला माहितीय का?