एडी फच यांनी मनिलातील लढत थांबवली, ते योग्य होते का?

मुष्टिप्रेमी_नागपूर
महंमद अली आणि जो फ्रेझर या मुष्टियोद्ध्यांची १ ऑक्टोबर १९७५ रोजी मनिलाजवळच्या क्वेझॉन सिटीत झालेली तिसरी लढत नुकतीच पुन्हा पाहिली. चौदाव्या फेरीनंतर प्रशिक्षक एडी फच यांनी फ्रेझरला पुढच्या फेरीसाठी उठूच दिले नाही. फ्रेझर लढायला तयार होता, शेवटची तीनच मिनिटे उरली होती आणि अलीचीही दमछाक झालेली दिसत होती. अशा वेळी लढणाऱ्याची इच्छा डावलण्याचा अधिकार प्रशिक्षकाला असावा का? फच यांच्या बाकीच्या कारकिर्दीविषयी मला फारशी माहिती नाही, म्हणून जाणकारांचे मत जाणून घ्यायचे आहे.

जुना_प्रेक्षक
हा निर्णय समजण्यासाठी फच यांची नजर कशी घडली ते पाहावे लागते. १९११ साली मिसिसिपीत जन्मलेले फच लहानपणीच डेट्रॉइटला आले आणि तेथील ब्रूस्टर केंद्रात, स्वतः लाइटवेट (हलक्या वजनगटातले) असूनही, जो लुईससारख्या हेवीवेटबरोबर (सर्वांत वजनदार गटातल्या मुष्टियोद्ध्याबरोबर) सराव करू लागले. हृदयात दोष आढळल्यामुळे व्यावसायिक लढतींची वाट बंद झाली आणि ते प्रशिक्षणाकडे वळले. डॉन जॉर्डनच्या रूपाने त्यांना पहिला जगज्जेता मिळाला तो १९५८ साली, म्हणजे वयाच्या सत्तेचाळिसाव्या वर्षी. इतकी वाट पाहण्याचा धीर आज किती प्रशिक्षकांकडे असेल, कोण जाणे.

अलीला हरवणाऱ्या पाच जणांपैकी फ्रेझर, नॉर्टन, होम्स आणि बर्बिक या चौघांना फच यांनी कधी ना कधी शिकवले होते. अली उजवा अपरकट (खालून वर जाणारा ठोसा) मारण्यापूर्वी हात खाली सोडतो, हे त्यांनी हेरले होते. तो हात खाली जाताच डावा हूक (बाजूने वळवून मारलेला ठोसा) मारायचा, हे फ्रेझरच्या अंगवळणी पाडले गेले आणि ८ मार्च १९७१ रोजी पंधराव्या फेरीत त्याच्या डाव्या हूकने अली जमिनीवर पडला. त्या वेळी मुख्य प्रशिक्षक यँक डरहम होते आणि फच त्यांचे साहाय्यक होते. १९७३ मध्ये केन नॉर्टनला त्यांनी सांगितले की अलीने जॅब (पुढच्या हाताचा झटपट सरळ ठोसा) टाकला की माघार न घेता त्याच क्षणी आपलाही जॅब टाकावा, कारण अलीचा उजवा हात चेहऱ्यापासून किंचित बाजूला असतो. नॉर्टनने ती लढत जिंकली आणि तीत अलीचा जबडाही मोडला. इतक्या बारकाईने प्रतिस्पर्ध्याला न्याहाळणारा माणूस स्वतःच्या योद्ध्याची अवस्था चुकीची वाचेल, हे मला पटत नाही.

गुणपत्रक
आपला युक्तिवाद मला थोडा भाबडा वाटतो, कारण नजर तीक्ष्ण असली म्हणजे प्रत्येक निर्णय बरोबरच असतो असे नाही. तरीही येथे आकडे फच यांच्याच बाजूने आहेत. तिन्ही गुणपत्रकांवर (६६-६०, ६६-६२ आणि ६७-६२) अली स्पष्टपणे पुढे होता, त्यामुळे फ्रेझरला शेवटच्या फेरीत अलीला बाद करण्यावाचून गत्यंतर नव्हते. फ्रेझरच्या एका डोळ्याची दृष्टी आधीच अधू होती आणि दुसरा डोळा सुजून मिटत चालला होता. समोरून येणारा ठोसाच दिसत नसेल, तर बाद करणार कोणाला? अलीच्या कोपऱ्यातही (त्याच्या प्रशिक्षक-साहाय्यकांमध्ये) माघार घेण्याचे बोलणे चालले होते, असे सांगितले जाते; पण ते वादग्रस्त आहे आणि रिंगच्या पलीकडे उभ्या असलेल्या फच यांना ते कळण्याचा मार्गही नव्हता.

तालीमकर
आमच्याकडे म्हणतात की वस्ताद सगळे डाव शिकवतो, पण एक डाव स्वतःकडे राखून ठेवतो. फच यांनी राखून ठेवलेला डाव लढत थांबवण्याचा होता, आणि तो त्यांनी एकदाच वापरला असे नाही. फ्रेडी रोच हा त्यांचा मुष्टियोद्धा. त्याच्या शरीरात बिघाडाची चिन्हे दिसू लागताच फच यांनी त्याला निवृत्त होण्यास सांगितले आणि त्याने ऐकले नाही तेव्हा त्याचे प्रशिक्षण सोडले. रोच वडिलांच्या मार्गदर्शनाखाली लढत राहिला आणि पुढच्या बहुतेक लढती हरला. पुढे त्याला पार्किन्सनचा आजार असल्याचे स्पष्ट झाले. निवृत्तीनंतर तो फच यांच्याकडेच साहाय्यक म्हणून परतला आणि नंतर फिलिपिनी मुष्टियोद्धा मॅनी पॅक्याव याचा प्रशिक्षक म्हणून जगभर ओळखला गेला.

मी जिल्हास्तरीय स्पर्धांमध्ये मुलांच्या कोपऱ्यात उभा राहिलो आहे. फेऱ्यांमधल्या त्या एका मिनिटात मुलाला कसा आहेस असे विचारले, तर उत्तर नेहमी ‘ठीक आहे’ असेच येते. म्हणून मी आता विचारत नाही. डोळे, श्वास आणि स्टुलावर बसतानाचे पाय पाहतो. फच यांनी तर रिंगमधील मृत्यू प्रत्यक्ष पाहिले होते.

मुष्टिप्रेमी_नागपूर
गुणपत्रकांचा मुद्दा माझ्या लक्षातच आला नव्हता. त्यामुळे ‘फक्त तीन मिनिटे’ हा माझा आक्षेप मी मागे घेतो. मात्र फ्रेझरला तो निर्णय मनापासून कधी पटला नाही, हे मला अजूनही सलते.

जुना_प्रेक्षक
ते सलणे रास्त आहे. त्याच लढतीची दुसरी बाजूही पाहा. १९७४ च्या किन्शासातील जॉर्ज फोरमनविरुद्धच्या लढतीत अलीला प्रतिस्पर्ध्याची मान धरून ठेवण्याची फार मोकळीक मिळाली, असे फच यांचे मत होते. म्हणून त्या लढतीचे पंच मनिलात नकोत, असा आग्रह त्यांनी धरला आणि कार्लोस पाडिला या फिलिपिनी पंचांची नेमणूक झाली. आता लढत पुन्हा पाहाल, तेव्हा अलीने मान धरली की पाडिला काय करतात, त्याकडे लक्ष द्या.