मदत हवी आहे : जबाबातल्या फरकामुळे आरोप रद्द होऊ शकतो का?

नमस्कार मंडळी, इंदूरच्या रामबागेतून लिहिते आहे. कायद्याची जाण असलेल्यांनी कृपया वेळ काढा.

माझ्या मावसबहिणीवर गेल्या वर्षी घरात शिरून चाकूहल्ला झाला. पोलिसांनी भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या (BNSS) कलम १८० खाली पहिला जबाब घेतला तेव्हा ती इस्पितळात होती, धड बोलताही येत नव्हतं. पुढे मॅजिस्ट्रेटसमोर कलम १८३ खाली (जुन्या फौजदारी प्रक्रिया संहितेतलं १६४) तिने सगळं सांगितलं, "तुला जिवंत सोडत नाही" ही धमकीसुद्धा. पहिल्या जबाबात ती धमकी नाही. सत्र न्यायालयाने जिवे मारण्याच्या प्रयत्नाचा आरोप निश्चित केला, तर आरोपीने हायकोर्टाच्या इंदूर खंडपीठात रिव्हिजन (त्या आदेशाच्या फेरतपासणीचा अर्ज) टाकली आहे. म्हणणं एकच : धमकी नंतर घुसडली.

मी वाचलं ते असं, की सुप्रीम कोर्टाच्या १९७८ च्या प्रफुल्लकुमार सामल निकालानुसार या टप्प्यावर फक्त प्रबळ संशय आहे का एवढंच बघतात. पुराव्याची पूर्ण छाननी खटल्यात, उलटतपासणीनंतर. मग दोन जबाबांतला फरक आत्ताच तोलला जाईल का? जखमांचा वैद्यकीय अहवाल तिच्या बाजूने किती धरतील?

आणि रिव्हिजनमध्ये तिचं म्हणणं सरकारी वकिलांमार्फतच जाणार, की तिचा वकील वेगळा उभा राहू शकतो? महिलांना विधी सेवा प्राधिकरणाचा मोफत वकील मिळतो हे माहीत आहे. खंडपीठात तो कुणी घेतलाय का? अर्ज कुठे, कसा केलात?

मावशी रात्र रात्र जागी असते. तारीख पुढच्याच आठवड्यात आहे हो.