मदत हवी आहे: इटली मित्र होती की शत्रू? उद्या बोर्ड छापायला द्यायचाय

खेडची_गायत्री
नमस्कार. वेळ नाहीये म्हणून थोडक्यात विचारते. महायुद्धात इटली आपल्या बाजूने होती की विरुद्ध? नेटवर दोन्ही सापडतंय आणि डोकं फिरायची वेळ आलीये. गावच्या शाळेत माजी सैनिकांचे फोटो लावतायत, आजोबांच्या फोटोखाली तीन ओळी द्यायच्यात, फ्लेक्सवाल्याला उद्या दुपारी बाराच्या आत मजकूर हवाय. मोठे काका म्हणतात "शत्रू इटलीशी लढले" असं लिही, आत्तेभाऊ म्हणतो इटली तर दोस्तांच्या बाजूने होती. दोघंही ऐकत नाहीयेत. प्लीज एका शब्दात सांगा.

जुना_पुस्तकी
आपल्या बाजूने. पण सुरुवातीला नाही. इटली १८८२ पासून जर्मनी आणि ऑस्ट्रिया-हंगेरीबरोबर त्रिपक्षीय करारात होती. १९१४ ला युद्ध पेटलं तेव्हा इटली म्हणाली की हा करार बचावाचा आहे, सर्बियावर हल्ला ऑस्ट्रियाने केला, तोही आम्हाला न विचारता, तेव्हा आम्ही तटस्थ. मग २६ एप्रिल १९१५ ला लंडनमध्ये गुप्त करार झाला, इटलीला ट्रेंटिनो, ट्रिएस्ट, इस्त्रिया आणि डाल्मेशियाचा काही भाग कबूल केला आणि महिनाभरात, २३ मे ला, इटलीने ऑस्ट्रियाविरुद्ध युद्ध पुकारलं. जर्मनीविरुद्ध पुकारायला मात्र ऑगस्ट १९१६ उजाडला. पुढे इसोंझो नदीवर ऑस्ट्रियाशी बारा लढाया आणि त्यातल्या शेवटच्या लढाईत, कापोरेट्टोला, इटलीचा दारुण पराभव. तुमचे आजोबा कदाचित त्या आघाडीवर असतील.

अश्विनी_ना
@जुना_पुस्तकी इसोंझोवर भारतीय पलटणी कुठे होत्या? आपले लोक तेव्हा फ्रान्स, मेसोपोटेमिया, पॅलेस्टाईन, पूर्व आफ्रिका इकडे होते.
@गायत्री, कोणतं महायुद्ध ते लिहिलंच नाहीत. पहिलं की दुसरं?

खेडची_गायत्री
दुसरं. सॉरी, मला वाटलं ते कळेलच. आजोबा १९८९ ला गेले, पहिल्यात कसे असतील?

रोखठोक_१
मुळात "आपली बाजू" कुठली ते आधी ठरवा. ती इंग्रजांची बाजू होती. ३ सप्टेंबर १९३९ ला व्हाइसरॉयने इथल्या एकाही निवडून आलेल्या माणसाला न विचारता हिंदुस्थानला युद्धात ढकललं, त्यावरून काँग्रेसच्या प्रांतिक मंत्रिमंडळांनी राजीनामे दिले. आणि इटलीचं म्हणाल तर तो गद्दार देश, दोन्ही महायुद्धांत बाजू बदलली. बोर्डावर हे लिहा.

अश्विनी_ना
आजोबांच्या फोटोखाली?

जुना_पुस्तकी
@रोखठोक_१ गद्दार हा शब्द मला अजिबात पटत नाही. १८८२ च्या कराराचं पुढे नूतनीकरण झालं तेव्हा आलेली कलमं वाचा. सातव्या कलमात ठरलं होतं की बाल्कनमध्ये ऑस्ट्रियाने जमीन घेतली तर इटलीला मोबदला द्यायचा. ऑस्ट्रियाने ते पाळायची तयारी दाखवली नाही. करार दोन्हीकडून पाळायचा असतो.

रोखठोक_१
मोबदला नाही मिळाला म्हणून जो जास्त देईल त्याच्याकडे जायचं याला आमच्याकडे वेगळा शब्द आहे. आणि एवढं करून डाल्मेशिया हाती लागला का? बहुतेक भाग नवीन युगोस्लाव्हियाकडे गेला, इटलीत "विजय लुळापांगळा केला" म्हणून बोंब झाली आणि त्याच रागावर मुसोलिनी मोठा झाला.

सुभेदारपुत्र
वाद नंतर घाला, ताईंना उद्या बाराच्या आत मजकूर द्यायचाय. ताई, मला एवढं सांगा: पलटण कोणती? बटालियन कितवी? कागद काय काय आहेत, डिस्चार्ज बुक, मेडल, फोटो? इटलीत होते ते कोणत्या साली? याशिवाय कोणी काहीही सांगितलं तरी तो अंदाज आहे.

खेडची_गायत्री
मराठा पलटण. डिस्चार्ज बुक वाळवीने खाल्लं, मधली पानं नाहीत. मेडलं आहेत, चांदणीच्या आकाराची तीन आणि गोल एक. एका चांदणीची फीत लाल-पांढरी-हिरवी आहे आणि तिच्यावर इंग्रजीत इटली स्टार लिहिलंय. म्हणजे इटलीने दिलं ना? शत्रू देश मेडल कशाला देईल, म्हणून आत्तेभावाचं खरं वाटतंय.

सुभेदारपुत्र
नाही नाही, थांबा. इटली स्टार इटलीने दिलेलं नाही, ते ब्रिटिश सरकारचं मेडल. मध्यभागी मुकुट आणि राजाच्या नावाची गुंफलेली अक्षरं दिसतील बघा. जून १९४३ ते मे १९४५ या काळात जे इटलीच्या आघाडीवर होते त्यांना मिळालं. फितीत इटलीच्या झेंड्याचे रंग घेतले कारण मोहीम त्या देशातली. फितीवरून मित्र-शत्रू ठरत नाही.
बाकी दोन चांदण्यांच्या फिती कशा आहेत?

दर्यावर्दी
मित्र-शत्रूचं खरं कोडं बघायचं तर गोव्यात बघा. पोर्तुगाल तटस्थ, म्हणून मुरगाव बंदरात जर्मनीची तीन जहाजं आसरा घेऊन उभी, एरेनफेल्स, द्राखेनफेल्स आणि ब्राउनफेल्स, आणि शेजारी इटलीचं आन्फोरा. तटस्थ बंदरात इंग्रजांना उघड हात लावता येईना. शेवटी मार्च १९४३ मध्ये कलकत्त्याहून साध्या कपड्यातले, पोट सुटलेले, नोकरीधंदा करणारे इंग्रज स्वयंसेवक एका जुन्या गाळ काढायच्या बोटीतून आले आणि रात्री एरेनफेल्सवर चढले. ती पेटलेली पाहून बाकीच्या जहाजांवरच्या लोकांनी आपापली जहाजं स्वतःच बुडवली. आणि हा पोर्तुगाल इंग्लंडचा चौदाव्या शतकापासूनचा मित्र! १३७३ चा करार. त्याच कराराच्या आधारावर १९४३ च्या ऑक्टोबरात इंग्रजांनी पोर्तुगालच्या अझोर्स बेटांवर तळ घेतला, तेव्हा पोर्तुगाल तटस्थच म्हणवत होता.

अश्विनी_ना
माहिती भारी आहे पण हिचे आजोबा मुरगावला नव्हते. वेगळा धागा काढा ना, मी येईन वाचायला.

खेडची_गायत्री
एका फितीचा रंग उडालाय, फिकट मातीसारखा, मध्ये लाल पट्टा आणि बाजूला निळ्या बारीक रेघा. दुसरी गडद निळी, लाल, आकाशी. एक फोटोही आहे. आजोबा दगडी पायरीवर बसलेत, गुडघ्यावर एक चारपाच वर्षांची मुलगी, मागे काळ्या कपड्यातली म्हातारी बाई, हातात पाव. मागे पेन्सिलने "जुलै ४४". आजोबा सांगायचे त्या बाईने पाव दिला आणि रडली. शत्रूच्या सैनिकाला कोणी पाव देतं का?
पण मग काका म्हणतात आजोबांनी इटालियन कैदी पकडलेलेही सांगितले होते. त्यामुळे मी पुन्हा अडकले.

तुरिनहून_नील
मी इथे दहा वर्षं राहतोय म्हणून लिहितो. जुलै ४४ मध्ये इटली एक देश राहिलीच नव्हती. २५ जुलै १९४३ ला राजाने मुसोलिनीला काढून अटक केली, ३ सप्टेंबरला नवीन सरकारने सिसिलीतल्या कासिबिलेमध्ये दोस्तांशी गुपचूप युद्धबंदीची सही केली आणि ८ तारखेला संध्याकाळी रेडिओवर जाहीर केलं. दुसऱ्या दिवशी राजा आणि पंतप्रधान बादोल्यो रोम सोडून ब्रिंडिसीला निघून गेले, सैन्याला नीट हुकूमच नाही. जर्मनांनी आपल्या कालच्या दोस्तांची शस्त्रं काढून घेतली आणि सहा लाखांवर इटालियन सैनिक जर्मनीत नेऊन कोंडले. ग्रीसच्या केफालोनिया बेटावर इटलीच्या आक्वी डिव्हिजनने शस्त्रं टाकायला नकार दिला तर शरण आल्यावरही त्यांना गोळ्या घातल्या. तिकडे मुसोलिनीला जर्मनांनी डोंगरावरून सोडवून आणलं आणि उत्तरेत सालो गावी त्याचं सरकार बसवलं. म्हणजे दक्षिणेत राजाची इटली दोस्तांबरोबर, उत्तरेत मुसोलिनीची जर्मनांबरोबर, आणि मध्ये गावोगाव पार्टिझान, म्हणजे जर्मन आणि मुसोलिनीविरुद्ध लढणारे बंडखोर. माझ्या घरमालकीण आजी सांगतात त्यांचा एक भाऊ पार्टिझानांत होता, दुसरा सालोच्या सैन्यात, आणि आई दोघांसाठी मेणबत्ती लावायची.
त्यामुळे ती म्हातारी पाव देऊन रडली यात नवल नाही. तिचा मुलगा त्या वेळी कुठे असेल कोणास ठाऊक.

जुना_पुस्तकी
आणि १३ ऑक्टोबर १९४३ ला राजाच्या सरकारने जर्मनीविरुद्ध युद्ध पुकारलं. पण दोस्तांनी त्यांना "मित्रराष्ट्र" म्हटलं नाही, सहयुद्धकर्ते म्हटलं, म्हणजे त्याच शत्रूशी लढणारे, पण करारातले मित्र नाहीत. फरक मोठा आहे. १९४७ ला पॅरिसमध्ये तह झाला तेव्हा इटली हरलेल्या देशांतच धरली गेली, वसाहती गेल्या, डोडेकॅनीज बेटं ग्रीसला गेली. त्या तहावर विजेत्यांच्या बाजूने भारताचीही सही आहे.

रोखठोक_१
म्हणजे मी म्हटलं तेच, बाजू बदलली.

तुरिनहून_नील
बदलली, पण राजाने आणि सेनापतींनी. पायरीवरच्या त्या बाईला कोणी विचारलं होतं? तुम्हीच वर लिहिलंत की हिंदुस्थानला न विचारता युद्धात ओढलं. हे तसंच आहे.

रोखठोक_१
हे मान्य. पण एक सांगतो, त्याच इटलीत इंग्रजांकडून लढताना कैद झालेल्या हिंदी सैनिकांची आझाद हिंदुस्थान नावाची तुकडीही १९४२ मध्ये उभी केली होती. शाळेत तेही मुलांना कळलं पाहिजे. आपलेच लोक दोन्हीकडे होते.

सुभेदारपुत्र
ताई, मातीच्या रंगाची फीत म्हणजे आफ्रिका स्टार. वाळवंटाचा रंग, लाल भूदलाचा, निळा आरमाराचा, आकाशी विमानदलाचा. आता मला वाटतंय काका आणि आत्तेभाऊ दोघंही बरोबर आहेत. आजोबा आफ्रिकेतल्या कुठल्या गावाचं, डोंगराचं, नदीचं नाव घ्यायचे का? नीट आठवून बघा, काकांना फोन लावा.

खेडची_गायत्री
डोंगराचं नाव घ्यायचे. किरणचा डोंगर. मला वाटलं इटलीतलं काही असेल किंवा ते आपलं किरण नाव घेतायत, म्हणून लिहिलं नाही. काकांना आत्ता फोन केला, ते म्हणाले किरण नाही, केरन. आजोबा म्हणायचे पाणी वर पोचायचं नाही, खडक एवढा तापायचा की हात टेकवत नसे.

सुभेदारपुत्र
अहो ताई हे पहिल्या ओळीत सांगायचं होतं!
केरन एरिट्रियात आहे, तेव्हाची इटलीची वसाहत. फेब्रुवारी-मार्च १९४१. इटली १० जून १९४० ला जर्मनीच्या बाजूने उतरली होती, तेव्हा ती शंभर टक्के शत्रू. खिंडीतून एकच रस्ता, तो इटालियनांनी सुरुंग लावून दगडांनी बुजवलेला, दोन्ही बाजूला उभे डोंगर आणि वर त्यांच्या तोफा. आपली चौथी आणि पाचवी डिव्हिजन तिथे पन्नासेक दिवस अडकली होती. ५ व्या मराठा लाइट इन्फंट्रीची ३ री बटालियन मार्चच्या मध्यात फ्लॅट टॉप नावाच्या टेकडीवर चढली. "बोल छत्रपती शिवाजी महाराज की जय" ही युद्धघोषणा तिथूनच आली असं पलटणीत सांगतात. २७ मार्चला केरन पडलं. इटालियन भित्रे असं जे कोणी म्हणतं त्याने केरनबद्दल वाचावं, आमचे वडील म्हणायचे तिथे समोरचाही मर्दासारखा लढला.
आणि हीच ३ री बटालियन जुलै ४४ मध्ये इटलीत, टायबर नदीच्या वरच्या खोऱ्यात, १० व्या डिव्हिजनमध्ये होती. १० जुलैला याच बटालियनच्या नाईक यशवंत घाडगे यांनी एकट्याने मशीनगनची चौकी घेतली, मॅगझिन बदलायला वेळ नाही म्हणून बंदुकीच्या दस्त्याने शेवटचे दोघे लोळवले आणि तिथेच गोळ्या लागून गेले. मरणोत्तर व्हिक्टोरिया क्रॉस. माणगाव तालुक्यातले, तुमच्यापासून फार लांब नाही. त्यांच्यासमोर होते ते जर्मन.
पण आजोबा ३ री बटालियनचेच हे मेडलवरून सांगता येणार नाही, मराठ्यांच्या इतर बटालियनही इटलीत होत्या. बेळगावला रेकॉर्ड ऑफिसला लिहा, नंबर असेल तर मिळेल. तोवर बोर्डावर बटालियनचा आकडा टाकू नका.

तुरिनहून_नील
त्याच भागात मोंतोने गावात घाडगे यांच्या स्मरणार्थ २०२३ मध्ये सनडायल (सूर्यघड्याळ) उभारलंय. तो फोटो इटलीतल्या त्याच पट्ट्यातला निघाला तर मला कळवा, मी जाऊन पायरी शोधीन, खरंच.

दर्यावर्दी
जपानचं पण असंच आहे बरं का, १९०२ पासून इंग्लंडचा मित्र, पहिल्या युद्धात बरोबर आणि दुसऱ्यात...

अश्विनी_ना
दर्यावर्दी, नवीन धागा!! गायत्री, मी मजकूर करून देते, बघ:
"१९४१ मध्ये एरिट्रियातील केरन येथे इटालियन फौजेविरुद्ध आणि १९४४ मध्ये मित्र इटलीच्या भूमीवर जर्मन फौजेविरुद्ध लढले."

जुना_पुस्तकी
"मित्र" काढा. वर लिहिलं ना, ती मित्रराष्ट्र नव्हती. नुसतं "इटलीत जर्मन फौजेविरुद्ध" लिहा, चूक होणार नाही. आणि साल एकच कशाला, तिथली लढाई २ मे १९४५ पर्यंत चालली, आजोबा परत कधी आले?

खेडची_गायत्री
परत ४६ ला आले, दिवाळीच्या आधी, एवढं आजीने सांगितलेलं. मेडलावरून आणि फोटोवरून जेवढं नक्की तेवढंच लिहिते. अंतिम:
"मराठा लाइट इन्फंट्री. १९४१, केरन, एरिट्रिया: इटालियन सैन्याविरुद्ध. १९४४, इटली: जर्मन सैन्याविरुद्ध."
आत्ता काकांना फोनवर वाचून दाखवलं. बराच वेळ काही बोलले नाहीत, मग म्हणाले केरन मोठ्या अक्षरात घे. आत्तेभावाला दुसरी ओळ पाठवली, तोही गप्प झालाय. फ्लेक्सवाल्याला पाठवते. सगळ्यांचे मनापासून आभार, बेळगावचं पत्र सोमवारी टाकते.

सुभेदारपुत्र
पत्रासोबत मेडलांच्या दोन्ही बाजूंचे आणि कडेचे फोटो जोडा. कडेला बारीक अक्षरात नंबर कोरलेला असू शकतो, भिंगाने बघा. आणि पॉलिश करू नका, घासलं की तो पुसट होतो.