मदत हवी आहे: जोसेफ कू यांच्या चाली आणि कँटोनीज उच्चार

आमच्या श्रवण-गटात हाँगकाँगचे संगीतकार जोसेफ कू यांच्यावर 10 मिनिटं बोलायचंय. 1974 पासून त्यांनी टीव्ही मालिकांच्या शीर्षकगीतांतून कँटोनीज (हाँगकाँगमध्ये बोलली जाणारी चिनी भाषा) गाणं घराघरात नेलं, एवढी माहिती आहे. गाण्यांची यादी नकोय.

अडलंय ते चालीपाशी. कँटोनीजमध्ये शब्दाचा सूर बदलला की अर्थ बदलतो, आणि तिथे सहसा चाल आधी, शब्द नंतर. त्यांचं 'शांघाय बंड' हे शीर्षकगीत (1980, शब्द वाँग जिम) पेटीवर वाजवून पाहिलं. सुरुवातीच्या चार अक्षरांत दुसरं, उंच उच्चाराचं अक्षर वरच्या सुरावर, चौथं, खालच्या उच्चाराचं, सगळ्यात खाली. चपखल! पण खालून वर चढणाऱ्या उच्चारांचं गणित सुटेना. पेटीवर मींड (एका सुरावरून दुसऱ्यावर सलग घसरत जाणं) निघत नाही, त्यामुळे आणखीच पंचाईत.

मला कँटोनीज येत नाही, फक्त शब्दकोशातले उच्चार-आकडे (अक्षराचा सूर दाखवणारे) लावतोय. मँडरिनची (चीनची प्रमाणभाषा) उदाहरणं कृपया नकोत, तिथे गाताना हे बंधन फारसं पाळत नाहीत.

तर अशा चढत्या शब्दाला चालीत एकच सूर असेल, तेव्हा गायक तो खालून ओढून घेतात की गीतकार तिथे तो शब्दच टाळतो?