कोयनेचं शेकरू वेगळी उपजात मानायचं की नाही?

कोयनाकाठ
गेल्या आठवड्यात तापोळ्याजवळ मामाच्या वाडीत होतो. परसातल्या उंबरावर शेकरू आलं. मागच्या पायांनी फांदी पकडून उलटं लोंबकळत होतं, पुढच्या पंजांत उंबर धरलेलं आणि शेपूट तोलासाठी पलीकडं सोडलेली. पाठ तांबूस तपकिरी, पोट सायीच्या रंगाचं, शेपटीचा शेंडा फिकट. अर्धा तास मी हललो नाही.

याच शेकरूला साइक्स या इंग्रज लष्करी अधिकारी-निसर्ग अभ्यासकानं १८३१ मध्ये मुंबईचे गव्हर्नर राहिलेल्या एल्फिन्स्टन साहेबाच्या नावावरून वेगळं नाव दिलं. पुढं ते 'रटुफा इंडिका'ची (शेकरूचं शास्त्रीय नाव) उपजात, म्हणजे जातीच्या आतला वेगळा गट, म्हणून 'एल्फिन्स्टोनी' झालं. ही उपजात फक्त भीमाशंकरला असते, असं बऱ्याच ठिकाणी छापलेलं वाचतो. मग महाबळेश्वर, बामणोली, हेळवाकच्या झाडांवर दिसतं ते कोण? आणि प्राण्यांच्या अलीकडच्या शास्त्रीय याद्यांत तर ही उपजातच गायब! माझं स्पष्ट मत आहे, ती वेगळी मानावी आणि तिच्या मुलखात आपला साताराही धरावा. नावाला वजन असतं. राज्यप्राणी आहे म्हणून मिरवतो, पण आपल्याकडचं शेकरू कोण हेच धड ठरवलेलं नाही.

वारणाकाठ
दादा, भीमाशंकरचा मुद्दा शंभर टक्के पटला. शेकरू पुणे जिल्ह्याची हद्द बघून थांबत नाही. पण उपजातीला माझा विरोध आहे.

शेकरूच्या उपजाती कुणी चार मानतं, कुणी आठ. चारच्या यादीत इंडिका, सातपुड्याकडची सेंट्रालिस, गुजरातेतल्या डांगची फिकट डीलबाटा आणि दक्षिणेतली काळ्या शेपटीची मॅक्झिमा. एवढा फरक पडतो कारण ही विभागणी मुख्यतः केसांच्या रंगावर झाली. संग्रहालयातली कातडी शेजारी शेजारी ठेवायची आणि गठ्ठे पाडायचे. आमच्या चांदोलीच्या बाजूला मी एकाच राईत गडद आणि फिकट अशी दोन्ही शेकरं बघितलीत.

रूप किती फसवतं त्याचं उदाहरण आपल्याच रानात आहे. रात्री झाडावरून झाडावर तरंगत जाणारं पाखरू, म्हणजे उडती खार. आकारानं शेकरूच्या जवळची, म्हणून लोक दोघांना भावंडं समजतात. पूर्वी तर उडत्या खारींचा वेगळाच गट मानत. २००३-०४ च्या सुमारास डीएनए तपासले तेव्हा कळलं, की पाखरू युरोप-अमेरिकेतल्या झाडखारींच्या सख्ख्या नात्यातलं आहे. आणि शेकरूची फांदी खारकुळाच्या झाडावर फार लवकर सुटलेली. तिच्यावर आज जगात चारच जाती आहेत, त्यातल्या तीन भारतात.

इस्लामपूरची बाई
मध्येच विचारते. शाळेत मुलं हटकून विचारतात, शेकरू उंदरातलं का खारीतलं? आणि आपल्या अंगणातली पट्टेवाली खार त्याची कोण लागते?

वारणाकाठ
ताई, गण एकच, कृंतक. पुढचे दात आयुष्यभर वाढतात आणि कुरतडून झिजवावे लागतात, त्यांचा हा गण. उंदीर-घुशी वेगळ्या कुळातल्या, शेकरू खारकुळातलं. पट्टेवाली खारही त्याच कुळातली, पण तिचं उपकुळ आशियातल्या इतर खारींचं आणि शेकरूचं स्वतंत्र. म्हणजे चुलत घराणं. 'मोठी खार' म्हणून सांगितलं तर चूक नाही, पण अंगणातली खार मोठी झाली की शेकरू होतं असं मुलांना वाटायला नको.

कोयनाकाठ
पाखराचं पटलं. पण ते कोट्यवधी वर्षांचं नातं, आपण बोलतोय एका जातीच्या आतलं. शेकरू जमिनीवर सहसा उतरत नाही. फांदीला फांदी लागली तरच त्याचा रस्ता. कोयना धरणाचं पाणी साठलं, वस्त्या हलल्या, रस्ते झाले, रान तुटलं. तापोळ्याचं शेकरू वारणेच्या खोऱ्यात जाणार कसं? वेगळं पडलेल्याला वेगळं म्हणायचं नाही तर काय म्हणायचं?

वारणाकाठ
वेगळं पडणं आणि वेगळी उपजात होणं यात फार अंतर आहे. कोयनेचं पाणी साठून साठेक वर्षं झाली. शेकरूला बहुतेक वेळा एका खेपेला एकच पिल्लू होतं. एवढ्या पिढ्यांत उपजात तयार होत नाही, झाला तर तोटा होतो, जवळच्या नात्यातल्या पैदाशीनं. उलट तुम्ही म्हणता तसं सातारचं वेगळं नाव दिलं, तर उद्या कुणी म्हणेल, कोयनेचं आणि वारणेचं रान जोडायची गरजच नाही, उपजाती मिसळतील! त्याचीच मला धास्ती आहे.

कोयनाकाठ
हा विचार मी केला नव्हता. रान जोडायचं की नाही यावर आपलं भांडणच नाही, जोडायलाच पाहिजे. पण नावाचा हट्ट सोडत नाही. रंगावर नको, तर डीएनएवर ठरवा. भीमाशंकर, महाबळेश्वर, कोयना, चांदोली, चारही ठिकाणचे नमुने एकत्र तपासले पाहिजेत. शेकरू एकाच वेळी तीन-चार घरटी बांधून ठेवतं, मामाच्या आंब्यावरच दोन आहेत. सोडून दिलेल्या घरट्यात केस सापडतीलच की.

वारणाकाठ
तपासणीला माझा पूर्ण पाठिंबा. निकाल तुमच्या बाजूनं लागला तर इथंच येऊन मान्य करीन. पण घरट्याला हात लावू नका. कुठलं सोडलंय आणि कुठल्यात पिल्लू आहे हे खालून कळत नाही. आधी वनखात्याची लेखी परवानगी, तोवर झाडाखाली पडलेल्या उंबरांच्या टरफलांचे आणि घरट्यांचे फोटो तारखेसकट काढून ठेवा.